भाचा म्हणते डॉक्युमेंटरीच करणार, यात पोट भरते का हो? (आनंद पटवर्धन यांचं करिअर अन बाकी)

खामल्याचा मामा:
राम राम मंडळी. धागा कुठं टाकावा समजलं नाही म्हणून करिअरमध्ये टाकून रायलो, संपादकांनी पाहिजे तर चित्रपट विभागात हलवावा. मी बँकेतून रिटायर झालेला माणूस, पिक्चर म्हणजे आमच्यासाठी रविवारचा टाइमपास. माझा भाचा इथं नागपुरातच मास कॉमच्या शेवटल्या वर्षाला आहे, घरचे समजून होते का पोरगं कुठल्यातरी चॅनेलवर चिकटेल, नाहीतर एखाद्या ॲड एजन्सीत. आता तो म्हणते मी डॉक्युमेंटरीच करणार, अन तेही वाघ-बिबटे नाही, किल्ले-मंदिरं नाही, राजकीय-सामाजिकच. पहिला विषय गोसीखुर्द धरणाचे विस्थापित. ताईचा जीव खालीवर होऊन रायला अन भाऊजी माझ्याशी बोलत नाहीत, कारण बारावीनंतर त्याला कॅमेरा मी घेऊन दिला.

त्याला म्हटलं बाबू यात खाशील काय, तर म्हणते मामा, आनंद पटवर्धन पन्नास वर्षांपासून हेच करून राहिले, त्यांचं काही अडलं का. आता पटवर्धनांचं नाव मी पेपरात वाचलेलं, तेही कोर्टाच्या बातम्यांत जास्त, पिक्चर एकही पाहिला नाही. इथं जाणकार आहेत म्हणून विचारतो, या माणसानं केलं काय काय, पैसा कुठून आणला, अन त्यांचं पाहून आमच्या पोरानं उडी घ्यावी का नाही. जे असेल ते सरळ सांगा, गोड बोलू नका.

तर्रीपोहा:
पोट भरत नाही. धागा संपला. 😀
(जागा धरायला रुमाल टाकून ठेवतो, वाचून रायलो.)

रीळवेडा:
मामा, भाच्यानं उदाहरण चांगलं निवडलं पण तुम्हाला अर्धंच सांगितलं.

पटवर्धनांचा जन्म १९५० चा, मुंबईचा. स्वातंत्र्यलढ्यातले अच्युतराव अन रावसाहेब पटवर्धन हे त्यांचे काका, आई निर्मला पटवर्धन नावाजलेल्या सिरॅमिक कलाकार, शांतिनिकेतनात शिकलेल्या. (या सगळ्या घरावर त्यांनी २०२३ ला 'वसुधैव कुटुंबकम' नावाचा पिक्चर केला. ताईंना दाखवायचाच असेल तर आधी हा दाखवा, बाकीचे मग.) मुंबईत इंग्रजी साहित्यात बीए, मग अमेरिकेत ब्रँडाइस विद्यापीठात समाजशास्त्र, तिथं व्हिएतनाम युद्धाच्या विरोधातल्या निदर्शनांत, अन परत आले तर थेट मध्य प्रदेशात होशंगाबाद जिल्ह्यात, किशोर भारती नावाच्या संस्थेत खेड्यातलं काम. म्हणजे आपल्यापासून फार दूर नाही. फिल्म स्कूल वगैरे काही नाही. १९७४ ला बिहारमध्ये जेपींचं आंदोलन पेटलं तेव्हा तिथं पोचले अन हातात आलेल्या सुपर ८ या छोट्या हौशी कॅमेऱ्यानं शूट केलं, मग ते फुटेज पडद्यावर टाकून पडद्याचंच पुन्हा १६ एमएमवर शूटिंग केलं कारण धड सामानच नव्हतं. 'क्रांती की तरंगें' तयार होते न होते तोच आणीबाणी लागली. प्रिंटचे तुकडे करून वेगवेगळ्या लोकांच्या हातानं ते देशाबाहेर काढले आणि तिकडे जोडले. हा पहिला पिक्चर बरं का. पहिल्याच पिक्चरची ही गत आणि माणूस तरी पुढे चालू राहिला.

आणीबाणीनंतर राजकीय कैद्यांवर 'जमीर के बंदी' (१९७८), कॅनडात मॅकगिल विद्यापीठात शिकताना तिथल्या पंजाबी शेतमजुरांच्या युनियनवर एक, अन १९८५ ला मुंबईच्या झोपडपट्ट्या पाडण्यावर 'हमारा शहर'. त्याला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. मामा आता इथं लक्ष द्या. सरकारच पुरस्कार देते अन सरकारचंच दूरदर्शन म्हणते आम्ही दाखवत नाही. कोर्टात चार वर्षं गेली तेव्हा दाखवला. मग 'राम के नाम', १९९० च्या अडवाणींच्या अयोध्या रथयात्रेच्या वेळचा, राष्ट्रीय पुरस्कार, पुन्हा दूरदर्शनचा नकार, पुन्हा हायकोर्ट. मग १९९५ चा 'पितृ, पुत्र और धर्मयुद्ध', दोन राष्ट्रीय पुरस्कार, तो टीव्हीवर येण्यासाठी केस सुप्रीम कोर्टापर्यंत गेली अन निकाल लागला ऑगस्ट २००६ मध्ये. म्हणजे पिक्चर तयार झाल्यावर ११ वर्षांनी. 'जंग और अमन', पोखरणच्या अणुचाचण्यांनंतरचा, त्यात सेन्सॉरनं आधी सहा कट मागितले, मग वाढवून २१ केले, शेवटी २००३ ला मुंबई हायकोर्टानं एकही कट न लावता सोडला.

म्हणून मी म्हणतो की पोरं त्यांचे पिक्चर मोजतात, तारखा मोजत नाहीत. या माणसाच्या करिअरचा अर्धा वेळ पिक्चर बनवण्यात गेला आणि अर्धा बनलेला पिक्चर लोकांपर्यंत पोचवण्यात. ज्याला पहिलाच अर्धा भाग आवडतो त्यानं यात पडू नये. तुमच्या भाच्याला दुसऱ्या अर्ध्याबद्दल विचारा, तो काय म्हणते ते पाहा.

खामल्याचा मामा:
बाप रे. धन्यवाद. पण पैशाचं राहिलंच की. वकिलाची फी कोणी दिली, जेवले कुठं?

लग्नशूटर:
पैशाचं मी सांगतो मामा, मी सतरंजीपुऱ्याचा, लग्नं शूट करतो अन मधेमधे डॉक्युमेंटरीवाल्यांच्या मागं कॅमेरा धरतो, दोन्ही बाजू पाहिल्या.

पटवर्धनांचं आपण वाचलं ते असं का ते स्वतःच शूट करतात, स्वतःच एडिट करतात, टीम म्हणजे दोन-चार माणसं. खर्चच इतका कमी ठेवायचा का कोणाकडे हात पसरायची पाळी येऊ नये. परदेशातले चॅनेल, विद्यापीठं, लायब्रऱ्या पिक्चर विकत घेतात, त्यातून पुढचा निघते. डीव्हीडीच्या काळात कॅसेट अन डीव्हीडी स्वतःच विकायचे. हे तेव्हा जमलं कारण असे पिक्चर करणारे बोटावर मोजण्याइतके होते. आज पाहा, सरकारची डॉक्युमेंटरी बनवणारी संस्था फिल्म्स डिव्हिजन, जी १९४८ पासून चालू होती, ती २०२२ ला एनएफडीसी या सरकारी फिल्म कंपनीत विलीन केली. टीव्हीवर स्लॉट नाही. ओटीटीवाले डॉक्युमेंटरी घेतात पण त्यांना खून पाहिजे, घोटाळा पाहिजे, बाबा-बुवा पाहिजे, अन राजकारण आलं का मेल येणंच बंद होते. उरलं काय, तर परदेशी फंड. त्यासाठी इंग्रजीत प्रपोजल, ट्रेलर, बजेट, पिचिंग, तिकडच्या लोकायला समजेल असं. आमच्या एका दोस्तानं कापसावरचा विषय घेतला तर त्याला विचारलं यात आशा कुठं दिसते. अरे बावा, हमीभाव मिळाला असता तर दिसली असती ना.

जगायचं कसं म्हणाल तर जसे सगळे जगतात तसं. नोव्हेंबर ते मे लग्नं करायची, डीजेसमोर नवरदेवाचं स्लो मोशन काढायचं, पावसाळ्यात आपला पिक्चर. किंवा एनजीओचे, नाहीतर कंपन्यांच्या समाजकार्याचे म्हणजे सीएसआरचे छोटे व्हिडिओ. त्यात एक धोका सांगतो, ज्या कंपनीचा सीएसआर व्हिडिओ केला तिच्याच प्रदूषणावर उद्या पिक्चर करायची हिंमत राहत नाही. म्हणून मी लग्नं करतो. लग्नात कोणी तुमचं तोंड बंद नाही करत, फक्त जेवण थंड मिळते.

अन भाच्याला सांगा, कॅमेरा राहू दे आहे तोच, पहिले आवाजाचं पाहा. गोसीखुर्दच्या काठावर वारं इतकं असते का कॉलर माइकवर नुसतं भर्रर्र येते, बाई रडून सांगून रायली अन ऐकू काही येत नाही. माइकवर केसाळ टोपी लावायची, अन बोलणं संपल्यावर तिथंच दोन मिनिटं काही न बोलता नुसता तिथला आवाज रेकॉर्ड करायचा, एडिटिंगला देव आठवत नाही मग. फुटेज त्याच रात्री दोन डिस्कवर टाकायचं, दोन्ही डिस्क एका बॅगेत ठेवायच्या नाहीत.

तर्रीपोहा:
लग्नशूटर भाऊ +१. 'जेवण थंड मिळते' हे स्टेटसला ठेवून रायलो.

महालचा:
सगळे एकाच सुरात गाऊन राहिले म्हणून लिहितो, राग मानू नका. मी 'राम के नाम' यूट्यूबवर पूर्ण पाहिला, मग बोलतो. माणूस मेहनती आहे, नाकारत नाही. पण हा एका बाजूनं बनवलेला पिक्चर आहे. गावाकडून आलेल्या कारसेवकाला विचारायचं राम कोणत्या शतकात जन्मले, तो गोंधळतो, हसतो, अन कॅमेरा त्याच्या चेहऱ्यावर तसाच ठेवायचा. हे कोणत्याही मोर्चात करता येते. लाल झेंडेवाल्यांच्या मोर्चात जाऊन साध्या मजुराला विचारा का भांडवलाची व्याख्या सांग, तोही असाच गोंधळेल. याला पत्रकारिता म्हणत नाहीत. अन ज्या सरकारवर टीका करायची त्याच सरकारचे पुरस्कार घ्यायचे अन मग २०१५ ला परत करायचे, हे पण मला पटलं नाही. त्या पोरानं सामाजिक काम खुशाल करावं पण दोन्ही बाजू दाखवाव्या एवढंच.

रीळवेडा:
महालचा, पूर्ण पाहून लिहिलंत हेच पुष्कळ, इथं अर्धे लोक ट्रेलर पाहून भांडतात. तुमचा चेहऱ्यावर कॅमेरा ठेवण्याचा मुद्दा हलका नाही, जो एडिट टेबलवर बसतो त्याच्या हातात सत्ता असतेच. पण पटवर्धनांनी आपण तटस्थ असल्याचं सोंग कधी आणलं नाही, ते उघडच एका बाजूला उभे राहून शूट करतात. मला उलट त्यांची भीती कमी वाटते. 'आम्ही दोन्ही बाजू दाखवतो' म्हणणारा रात्री नऊचा अँकर जास्त घातक.

अन त्याच पिक्चरमध्ये पुजारी लालदास आहेत ते आठवा. कोर्टानं नेमलेले रामजन्मभूमीचे पुजारी, साधू माणूस, शांतपणे बसून सांगतात का हा सगळा खेळ राजकारण्यांचा अन पैशाचा आहे. म्हणजे रामभक्ताची बाजू त्यात आहेच, तुम्हाला अपेक्षित होती ती नाही एवढंच. मशीद पाडायच्या आधीचं हे शूटिंग. १९९३ च्या नोव्हेंबरात लालदासांचा गोळ्या घालून खून झाला. त्यांचं म्हणणं आज ऐकायला मिळते ते कोणी तेव्हा कॅमेरा घेऊन गेलं होतं म्हणून.

पुरस्काराचं म्हणाल तर राष्ट्रीय पुरस्कार ज्यूरी देते, पैसा जनतेचा असतो, कोणत्या पक्षाच्या खिशातला नाही. २०१५ ला पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटच्या (एफटीआयआय) पोरांचा संप अन बाकीच्या घटनांवरून बऱ्याच लोकांनी परत केले, ते पटणं न पटणं ज्याचं त्याचं.

महालचा:
लालदासांचं ठीक. खून करणाऱ्याचं समर्थन कोणीच करणार नाही. बाकी मतभेद राहू द्या.

इंदोऱ्याची पोर:
मी या धाग्यावर 'जय भीम कॉम्रेड' साठी आली. कोणी नीट लिहिलंच नाही म्हणून लिहून रायली.

११ जुलै १९९७, घाटकोपरचं रमाबाई आंबेडकर नगर, बाबासाहेबांच्या पुतळ्याची विटंबना झाली, लोक रस्त्यावर आले, राखीव पोलिसांनी (एसआरपी) गोळ्या घातल्या, १० जण गेले. त्यानंतर काही दिवसांनी शाहीर विलास घोगरे यांनी जीव दिला. आता गंमत म्हणजे, गंमत नाही, पण हेच घोगरे १९८५ च्या 'हमारा शहर' मध्ये गाताना दिसतात. पटवर्धन त्यांना ओळखत होते. म्हणजे विषय शोधत फिरणारा माणूस नव्हता तो, मित्र गेला म्हणून कॅमेरा उचलला अन तो पुढं १४ वर्षं खाली ठेवलाच नाही. पिक्चर आला २०११ ला, तीन तासांच्या वर. कोर्टकेस चालू राहते, साक्षीदार म्हातारे होतात, पोरं मोठी होतात, पक्ष फुटतात, नवीन शाहीर येतात, कबीर कला मंच हा गाणाऱ्या पोरांचा गट येतो, त्यातली गायिका शीतल साठे येते. हे काही सहा महिन्यांच्या शूटिंगमध्ये येत नाही भाऊ.

त्यात खैरलांजीचं दलित कुटुंबाचं हत्याकांड पण आहे. सप्टेंबर २००६. भंडारा जिल्हा, आपल्या उशाशी. तेव्हा मी शाळेत होती, आमच्या वस्तीत काय वातावरण होतं मला पक्कं आठवते, घरातले मोठे लोक हळू आवाजात बोलायचे अन आम्ही गेलो का गप्प. अन पेपरात सुरुवातीला एवढीशी बातमी. मोठी झाल्यावर पडद्यावर ते पाहिलं तेव्हा पहिल्यांदा वाटलं का कोणीतरी आपली गोष्ट नीट ऐकून घेतली.

तरी माझी तक्रार आहे अन ती मी मांडणार. आमच्या लोकायची गाणी, आमचं दुःख, आमचा राग, अन कॅमेरा दुसऱ्याच्या हातात. पटवर्धनांनी प्रामाणिकपणे केलं, वस्त्यांमध्ये नेऊन दाखवलं, हे मान्य आहे. पण चौदा वर्षं एका विषयामागं राहायला पाठीशी काहीतरी लागते. मुंबईत राहायला घर लागते, इंग्रजी लागते, परदेशात ओळखी लागतात. आमच्या वस्तीतला पोरगा चौदा महिने बिनपगारी राहिला का घरचे त्याचं लग्न तरी लावतात नाहीतर त्याला एमआयडीसीत तरी ढकलतात. मामा, तुमच्या भाच्याच्या पाठीशी तुम्ही आहात, पेन्शनवाला मामा. हे पण करिअरच्या हिशोबात धरा ना.

आता फरक एवढा पडला का मोबाइल सगळ्यांकडे आला. दीक्षाभूमीवर धम्मचक्र प्रवर्तन दिनाला या, आमचीच पोरं आमच्याच लोकायच्या मुलाखती घेऊन राहिले असतात, चॅनेल चालवून राहिले असतात. कच्चं असते, आवाज फाटलेला असते, पण कॅमेरा कोणाच्या हातात आहे ते बदललं.

लग्नशूटर:
ताई, शेवटल्या मुद्द्याला शंभर टक्के. त्या पोरायला फाटक्या आवाजावर काही मदत लागली तर मला मेसेज करा, पैसे नको.

वकील सिव्हिल लाइन्स:
कायद्याचं थोडं सांगतो, कारण असे पिक्चर म्हटले का लोक 'बॅन' शब्द फार स्वस्तात वापरतात.

सिनेमॅटोग्राफ ॲक्ट १९५२ चा. पब्लिकला दाखवायचं असेल तर सेन्सॉर बोर्डाचं सर्टिफिकेट पाहिजे, पाच मिनिटांची डॉक्युमेंटरी असो का तीन तासांचा सिनेमा. फिल्म फेस्टिवलला सूट मिळू शकते, पण ती सूट माहिती प्रसारण मंत्रालय देते, अन तिथंच गळा आवळता येतो. २०१९ मध्ये केरळच्या डॉक्युमेंटरी फेस्टिवलमध्ये पटवर्धनांचा 'विवेक' दाखवायला मंत्रालयानं सूट दिली नाही, आयोजक हायकोर्टात गेले, मग दाखवला. हा तोच पिक्चर, दाभोलकर, पानसरे यांच्या खुनांपासून सुरू होणारा, ज्याला २०१८ ला ॲमस्टरडॅमच्या इडफा या डॉक्युमेंटरी फेस्टिवलमध्ये पहिला पुरस्कार मिळाला. अन त्याच्याही आधी २००४ ला मुंबईच्या सरकारी फेस्टिवलनं भारतीय पिक्चरना सेन्सॉर सर्टिफिकेट सक्तीचं करायचं ठरवलं तेव्हा डॉक्युमेंटरीवाल्यांनी एकजूट करून 'विकल्प' नावाचा समांतर फेस्टिवलच भरवला होता.

सेन्सॉरच्या विरोधात पहिली मोठी लढाई पण डॉक्युमेंटरीवरूनच झाली. ख्वाजा अहमद अब्बास विरुद्ध भारत सरकार, १९७०. सुप्रीम कोर्टानं सेन्सॉरशिप वैध ठरवली, पण मनमानी चालणार नाही, निकष स्पष्ट पाहिजेत असंही बजावलं. २००६ च्या पटवर्धनांच्या निकालात कोर्टानं म्हटलं की पिक्चर अख्खा पाहून ठरवा, एखादा तुकडा काढून नाही, अन तोही सर्वसाधारण समजदार माणसाच्या नजरेतून, कशानंही दुखावणाऱ्याच्या नजरेतून नाही. दूरदर्शनला आठ आठवड्यांत दाखवायला लावलं. हा निकाल नंतरच्या माणसांना कामाला येते, म्हणून त्या ११ वर्षांची किंमत फक्त त्यांच्या खात्यात धरू नका.

एक वाईट बातमी. आधी सेन्सॉरवर अपील करायला ट्रिब्युनल होतं, खर्च कमी, निकाल लवकर. २०२१ ला ते बंद केलं. आता सरळ हायकोर्ट. वीस-बावीस वर्षांच्या पोरासाठी ही पायरी उंच आहे. यूट्यूबवर टाकलं तर सेन्सॉर लागत नाही, पण बदनामी, भावना दुखावणे, शांतताभंग हे सगळे कायदे तिथंही लागतात. म्हणून प्रत्येक मुलाखतीची लेखी संमती घ्या, अन सरकारी कागद असेल तर माहिती अधिकारात काढलेली प्रत जवळ ठेवा. आरोप तोंडी ठेवू नका.

खामल्याचा मामा:
वकीलसाहेब हे प्रिंट काढून भाच्याच्या टेबलावर ठेवतो. त्याच्या आईच्या नाही.

कुही तालुका:
मी रोज वाचतो इथं, लिहीत नाही कधी. विषय गोसीखुर्दचा निघाला म्हणून लिहून रायलो. आमचं गाव पाण्यात गेलं. आता पुनर्वसनच्या गावठाणात राहतो.

धरणाचं भूमिपूजन २२ एप्रिल १९८८ ला राजीव गांधींच्या हातानं झालं. तेव्हा खर्च सांगितला होता ३७२ कोटी. पुढं तो १८ हजार कोटींच्या वर गेला. २००९ च्या सुमारास राष्ट्रीय प्रकल्प झाला, २०१३ ला विस्थापितांसाठी १,२०० कोटींच्या आसपासचं पॅकेज आलं. हे सगळं तुमच्या भाच्याला गुगलवर भेटेल. जे भेटणार नाही ते सांगतो. नागपूरचं सांडपाणी नाग नदीतून कन्हानमध्ये अन तिथून वैनगंगेत येते, म्हणजे तुम्ही नागपूरवाले जे सोडता ते आमच्या बुडालेल्या गावावर साचते. उन्हाळ्यात पाणी उतरलं का जुन्या देवळाचा ओटा वर येते, म्हातारे लोक होडी घेऊन जातात पाहायला, अन ते पाणी अंगाला लागलं का खाज सुटते. पहिले आमची मासे धरणारी ढीवर मंडळी नदीचं पाणी ओंजळीनं प्यायची.

आता मुद्दा. आमच्या इथं कॅमेरे लय येऊन गेले. चॅनेलवाले, कॉलेजची पोरं, परदेशातलेही. येतात, आमच्या आजीला पाण्याकडे तोंड करून उभी करतात, रडायला लावतात, जातात. कुठं दाखवलं, काय दाखवलं, कोणाला बक्षीस भेटलं, आमच्यापर्यंत काही येत नाही. एकानं तर तिला परत चालत यायला लावलं कारण पहिल्यांदा उजेड बरोबर नव्हता. ऐंशीच्या वरची बाई. मी विचारतो, या पिक्चरनं आम्हाला काय भेटते?

रीळवेडा:
कुहीवाले भाऊ, तुमचा हा प्रश्न 'हमारा शहर' मध्येच आहे. झोपडी पाडलेली एक बाई फुटपाथवरून कॅमेऱ्यावरच भडकते, की तुम्ही फोटो काढून नाव कमवाल, आमचं काय होणार. दुसरा कोणी असता तर हा भाग एडिटिंगमध्ये उडवला असता, पटवर्धनांनी ठेवला. अन नुसता ठेवून नाही थांबले, पुढच्या वर्षी मुंबईत झोपड्या पाडल्या तेव्हा वस्तीच्या लोकांबरोबर उपोषणाला बसले, शबाना आझमी पण होत्या त्यात. नर्मदेवर सिमंतिनी धुरूंसोबत केलेला 'नर्मदा डायरी' पाहा, तो पण आंदोलनाच्या आत राहूनच झाला. तरी धरण व्हायचं ते झालंच. पिक्चरनं धरण थांबते असं मी तुम्हाला सांगणार नाही, ते खोटं होईल. फार तर एवढं होते की पुढे कोणी म्हणालं इथं गाव नव्हतंच, लोक खुशीनं गेले, तर दाखवायला काही राहते.

कुही तालुका:
ते राहते पण कोणाजवळ राहते? त्याच्या डिस्कमध्ये.

नागनदीचा_पोट्टा:
नमस्कार. मी तो भाचा. मामानं लिंक पाठवली, आधी चिडलो का घरचं भांडण इथं मांडलं म्हणून, मग बसून सगळं वाचलं.

रीळवेडा सर, दुसऱ्या अर्ध्याबद्दल विचारलं तुम्ही. खरं सांगतो, मी त्याचा विचार फेस्टिवलपर्यंतच केला होता. केरळचं आयएफएफके, इडफा, मग कोणीतरी घेईल असं. पटवर्धनांचे पिक्चर मी एकट्यानं हेडफोन लावूनच पाहिले, ते वस्तीत पडदा लावून दाखवायचे हे माहीत होतं पण तिकडे लक्षच गेलं नाही.

इंदोऱ्याच्या ताई, पेन्शनवाल्या मामाचं मान्य. ते खोटं बोलून लपवणार नाही. लग्नशूटर दादा, येत्या सीझनला तुमच्याकडे असिस्टंट म्हणून घ्याल का? स्लो मोशन मी काढतो.

कुहीवाले दादा, माझ्याकडे तीन दिवसांचं फुटेज आहे, त्यात तुमच्या बाजूच्या गावठाणातले लोक आहेत. मी ते एडिट करायच्या आधी तिथं येऊन दाखवतो. सगळं, जसं आहे तसं. ज्याला वाटेल माझा भाग काढ, त्याचा भाग तिथंच काढतो. अन एक डिस्क गावात ठेवतो, ग्रामपंचायतीत नको म्हणाल तर तुम्ही सांगाल त्याच्याकडे. आजींना चालायला लावणारा मी नव्हतो, पण मी पण एका काकांना विचारलं होतं का परत एकदा म्हणता का तेच.

लग्नशूटर:
असिस्टंट पाहिजेच आहे. तुळशीच्या लग्नानंतर ये. पहिल्या महिन्यात फक्त बॅटऱ्या चार्ज करशील, आत्ताच सांगून ठेवतो.

अन गावात दाखवायला प्रोजेक्टर माझा घेऊन जा. पडदा नको, पांढरी चादर ताणून बांधायची, खालून पण बांधायची नाहीतर वाऱ्यानं माणसाचं तोंड फुगते. लाइट जाते तिकडे, इन्व्हर्टर ने.

खामल्याचा मामा:
मंडळी, भाऊजींनी आज फोन उचलला. धागा वाचला म्हणे. बोलले फक्त एवढंच, "वकिलाची फी किती असते ते विचारून ठेव."

वकील सिव्हिल लाइन्स:
चहा पाजा, मग बोलू. 🙂

कुही तालुका:
पोट्ट्या, ये. चादर आमच्याकडे आहे, समाजमंदिराची भिंत पण पांढरीच आहे, तिच्यावर दिसते का ते लग्नशूटर भाऊला विचार. संध्याकाळी सातनंतर ठेव, जाळं टाकायला गेलेले लोक तेव्हा येतात. फक्त बाजाराच्या दिवशी येऊ नको, कोणी घरी सापडणार नाही.